सामनेवाले काका

ती. काका,

लांबूनच वाकून नमस्कार (गुडघा अजून पूर्ण वाकू देत नाही, पण मनातून वाकलेय ते धरून घ्या). काकूची कंबर कशी आहे? आणि टेंपो बरा आहे ना? त्या दिवशी सगळे माझ्याच पायाभोवती जमले, टेंपोला काही लागलं का ते कुणी बघितलंच नाही.

काका, केस संपली. आपण जिंकलो. (आपण म्हणजे मी. तुम्ही हरलात. पण पैसे विमा कंपनी देणार, म्हणजे हरूनही तुमचं काही गेलं नाही.) फोनवरच सांगणार होते, पण फोनवर माझा आवाज निघत नाही आणि तुम्ही उचलतही नाही. नोटीस आली तेव्हापासून तुम्ही आपल्या घराची पायरी चढला नाहीत. बाबा रोज संध्याकाळी दारात खुर्ची टाकून रस्त्याकडे बघत बसतात आणि हवा खातोय म्हणतात. हवा आत पंख्याखाली जास्त आहे.

आपल्या वकीलकाकांनी आधीच समजावलं होतं, की भरपाई कंपनीच देते, पण गाडी ज्याची त्याचं नाव अर्जात घालावंच लागतं. बाबा म्हणाले, घाला. ते तुम्हाला सांगायचं मात्र प्रत्येकाने दुसऱ्यावर सोडलं. बाबांना वाटलं आई सांगेल, आईला वाटलं भावाभावांतलं आहे, आणि मी तर काय, मीच. म्हणून सख्ख्या भावाने कोर्टात खेचल्याचं तुम्हाला पोस्टमनकडून कळलं.

कोर्टात शिपायाने तुमचं नाव पुकारलं, ‘सामनेवाले हजर आहेत का?’ (कोर्टात विरुद्ध पक्षाला तसं म्हणतात.) आई ताडकन उभी. "सामनेवाले कसले? सख्खे दीर आहेत माझे!" न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून बघितलं तशी खाली बसली, पण बराच वेळ धुसफुसत होती.

मग कंपनीच्या वकिलांनी मला उभं केलं. तुम्हाला माहितीच आहे, शाळेत हजेरीला माझं ‘हजर’ बाईंना कधी ऐकू गेलं नाही (समोर बसून रोज गैरहजर पडायचे, शेवटी खरंच जायची थांबले). आता शिंप्याच्या दुकानात काजं करते ते बरंय, काजांशी बोलावं लागत नाही. तर वकील म्हणाले, टेंपो मागे घेताना मागे उभं राहून काय करत होतीस? म्हटलं, येऊ द्या येऊ द्या म्हणत होते. पाठीला भिंत लागली तेव्हा? म्हटलं, थांबा म्हणत होते. "किती मोठ्याने? म्हणून दाखव." दाखवलं. टाइप करणाऱ्या बाई म्हणाल्या, "काय?" मी परत म्हटलं. त्या म्हणाल्या, "मॅडम, नुसते ओठ हलले असं घेऊ का?" कंपनीचे वकील इतके खूश झाले, की त्यांनी मला पाणी दिलं.

मग आपले वकीलकाका उठले. पोरीचा आवाज लहान असेल, पण आरसा होता ना, वळून बघता येत नव्हतं? इथपर्यंत ठीक होतं. पुढे त्यांना चेवच आला. तुम्ही बेफिकीर झालात, बेदरकार झालात, दुसऱ्याच्या जिवाची पर्वा नसलेला इसम झालात. इसम! मला उचलून दवाखान्यात पळताना एक चप्पल रस्त्यात सोडून आलेला माणूस. प्लास्टर लवकर वाळावं म्हणून त्यावर फुंकर मारत बसलेला माणूस (नर्स हसत होती तरी). मी ओरडले, "थांबा!"

काका, सगळं थांबलं. वकीलकाकांचा हात वरच राहिला. चहावाला दारात थिजला. शेजारच्या खोलीत साक्ष देणारा एक जणही थांबला म्हणे. न्यायाधीशबाई म्हणाल्या, "हा आवाज त्या दिवशी कुठे होता गं?"

मी म्हटलं, "त्या दिवशी तो स्वतःसाठी काढायचा होता."

 त्या वकीलकाकांकडे वळून म्हणाल्या, विशेषणं पुरे, पायाबद्दल बोला.

गाडी चालवणाऱ्याने मागे बघायला हवं होतं, असं निकालात आहे. तेवढं ऐकून घ्या. ‘इसम’ कुठेही नाही, मी शोधून बघितलं. दुकानातलं पायाचं शिलाई मशीन आता मला रेटवत नाही, म्हणून भरपाईतून मोटारवालं घेतोय, त्याला नुसता पाय टेकवला की पळतं. मी मजेत आहे. चालताना पाय जरा घासतो, त्याचा आवाज होतो, त्यामुळे मी खोलीत आले हे आता निदान लोकांना कळतं.

तुमची,
पुटपुट (नाव तुम्हीच ठेवलंय)

ता. क. मशीन रविवारी आणायचंय. बाबा भाड्याचा टेंपो ठरवायला निघाले होते, मी थांबा म्हटलं. थांबले. तेव्हा तुम्हीच या. टेंपो मागे घेताना मागे मीच उभी राहणार. आई नको म्हणतेय, तिलाही थांबवलंय.

ता. क. दुसरा. फक्त रेडिओ बंद ठेवा. त्या दिवशी तुम्ही त्याच्यासोबत गळा काढून गात होतात, हे मला कोर्टात कुणी विचारलं नाही, आणि न विचारता बोलायची मला सवय नाही.