साकीनाक्याची भिंत

गोरेगाव (पूर्व),
१८ जानेवारी २०२५

प्रिय प्रीतम,

कसा आहेस? आईंचा गुडघा बरा आहे ना? तू मला फोनवर ब्लॉक केलंयस, म्हणून हे स्पीडपोस्टने. हसू नकोस.

भिंत सापडली! परुळेकर सरांची भिंत, जिच्याशिवाय सरांवरची आपली फिल्म लंगडत होती, तीच! सरांनी तरुणपणी साकीनाक्याच्या ज्या कारखान्याच्या कँटीनमध्ये हे भित्तिचित्र रंगवलं तो बंद पडला, भिंतही गेली, असंच सगळे लिहीत आले. अरे, कुठे गेली होती? तिथे आता नट-बोल्टचं वर्कशॉप आहे. सामान हलवताना प्लायवूड काढलं, तर मागून हा एवढा निळा रंग! मालक धवलभाईंनी लगेच मला फोन केला. आपण मागे तिथे विचारत फिरलो होतो ना, तेव्हाचा नंबर त्यांनी ठेवला होता.

पण इमारत पुढच्या महिन्यात पाडणार आहेत. म्हटलं, लागली वाट!

सरांना मी मुलुंडहून रिक्षाने घेऊन गेले. ऐंशी ओलांडलीय त्यांनी. स्टुलावर बसून नुसते बघत राहिले. मला वाटलं, आता रडणार. तर हसायलाच लागले.

"तो मॅनेजर म्हणाला, ह्यात मशीन कुठंय? मी म्हटलं, मशीनचा आवाज आहे ना! दुसऱ्या दिवशी काम बंद."

उजवा कोपरा खरंच कोरा आहे, प्रीतम.

"सर, ही पाडणार आहेत," मी कसंबसं सांगितलं.

"पाडतले मा? मगे पुरी करून पाडूंदेत." सर एकदम मालवणीवर आले. आणि माझ्याकडे वळून, "नारिंगी आण. डबाभर."

आणि ते रंगवतायत! हात थरथरतो, रेघ नाही थरथरत. धवलभाईंनी मशीन बंद केलं तर ओरडले, "चालू ठेवा हो! तोच आवाज हवाय मला."

मी फोनवर शूट केलं. सगळं हललंय. दुसरा कॅमेरामन मिळाला असता. बोलावला नाही. सर सारखं विचारतात, "प्रीतम कुठाय?" मी म्हणते, गावाला गेलाय. तू वर्षभर बोरिवलीला वेगळा राहतोयस, हे मला त्यांना सांगता येत नाही. खरं तर मी कुणालाच सांगितलेलं नाही.

वकिलाचे कागद मिळाले. सही करीन, अडवणार नाही. भांडणात कोण बरोबर होतं, तेही आता राहू दे. पण कोपरा अजून आठवडाभर चालेल. सकाळी खिडकीतून ऊन सरळ त्या निळ्यावर येतं आणि ते कसं पकडायचं हे तुलाच कळतं. कॅमेरा घेऊन ये. सरांसाठी ये, माझ्यासाठी नको.

हे शेवटचं खोटं लिहिलं. खोडत नाही.

सही होईपर्यंत तरी तुझीच,
श्वेता