मुठीएवढा माठ

३ मार्च, लोहारा

पोचली एकदाची! बोरी अरबहून निघाली तवा बोचकं एक होतं, उतरली तवा दोन, कारण एका बाईनं रस्त्यात बोरं देली. संघदीप घ्याले आलता. माहा पोरगा, इथं कारखान्यात कामाले हाये. घरी सून प्रियंका अन् माही नात दीपा, पाच महिन्याची. मले पाहून अशी हसली बाप्पा, का गुडघे दुखतात हेच इसरली मी! रडते बी कशी, बारीक शिट्टीवानी, साऱ्या गल्लीत जाते. सुनेनं ही वही देली. म्हणे, आई, तुमचं बोलणं घरात मावत नाई, थोडं वहीत ठेवा. मी चौथीपावतर शिकली, अक्षर मोठं येते. येऊ दे.

घरमालक बापूजी समोरच्या खोलीत राह्यतात. त्यायची बायको विमलताई चहा घेऊन आली. कोपरापावतर हिरव्या बांगड्या, पण एकही वाजत नाई. म्हटलं, आजकाल प्लास्टिक चांगलं निघालं बाई! ती नुसती हसली. बोलत नाई म्हणे. माह्यासंग बरं जमन, मले ऐकणारंच पाह्यजे.

५ मार्च

बापूजी लय ज्ञानी माणूस. ओट्यावर बसून सारी दुनिया समजावली. म्हणे, आधी नुसता आवाज होता. मंग ऐकणारा जीव आला, अन् त्याच्या ऐकण्यानं आवाज थिजला. थिजला त्याचा दगड झाला, झाड झालं, हाडमांस झालं. मी म्हटलं, थंडीत तूप थिजते तसं? असे खूश झाले! म्हणे, नलूबाई, बाकीचे जांभया देतात, तुमाले एका तुपात समजलं. म्हणे, वस्तूतला आवाज काढून घेतला का वस्तू सैल होते, हळूहळू विरघळते.

मी म्हटलं, आमचा माठ बी तसाच. वाजवल्यावर ठण्ण बोलला तं घ्यायचा, बद्द बोलला तं ठेवून द्यायचा. ते माह्या बोटाकडे पाहात राह्यले. मंग म्हणे, माहे कान थकले आता, तुमी निवडून आणसान का?

संघदीप म्हणते, थोडे सटकेल हायेत, पण माणूस साधा. आमच्या घरात भूतखेत, बुवाबाजी चालत नाई. पण हे कुठं अंगारा देतात? मंग काय हरकत.

९ मार्च

बाजार केला! प्रियंकाले संग नेलं, माठ कसा वाजवाचा ते शिकवलं. बोट वाकवून, कान जवळ नेऊन. पोट्टी हुशार, लगेच जमलं तिले. माठवाली वैतागली, म्हणे, ओ बुडीमाय, माठ घेता का तबला वाजवता! लय हसलो आमी. बापूजीले पाह्यजे होता मुठीएवढा, बारीक आवाजाचा. सारा ढीग वाजवला तवा एक सापडला.

घरी येऊन मीच सांगतलं, पाहा, हुबेहूब आमच्या दीपाचं रडणं! ती तवा रडूनच राह्यली होती. बापूजीनं माठ कानाशी धरला, तिच्याकडे पाह्यलं, मंग माह्याकडे. लय शाबासकी देली.

१२ मार्च

आज मन ठिकाणावर नाई. दुपारी बापूजीच्या खोलीत ताक द्याले गेली. फळीवर माठच माठ, तोंडाले फडकं बांधलेले. सवयीनं माहं बोट एकावर वाजलं. आतून बांगड्या वाजल्या. मंग एका बाईचं हसणं.

बापूजी रागावले नाई. म्हणे, ही विमल. पह्यला आवाज तिचाच काढला, तिनं खुशीनं देला. पण मोठ्या माणसाचं अंग लवकर विरघळत नाई, वर्षं लागतात.

अंगणात विमलताई कपडे वाळू घालून राह्यली होती. मी तिचा हात धरला. सरकी काढलेल्या कापसावानी. माही बोटं आत गेली, बांगड्यायसकट. ती ओठ हलवत राह्यली, एकच शब्द, परत परत. आता वाटते, लेकरू म्हणत होती.

१४ मार्च

दीपाचा आवाज गेला. तोंड उघडते, डोळ्यातून पाणी, आवाज नाई. डॉक्टर म्हणे गळा साफ हाये.

पायातले वाळे बी वाजत नाईत.

संघदीपले सारं सांगतलं. खोली सोडू म्हटलं. म्हणे, आई, तुले ऊन लागलं.

१५ मार्च

उचलली तं वजनच नाई. गोधडीवर ठेवली, गोधडी दबली नाई. उजेडात धरली तं — तिच्या कानातून खिडकीचे गज दिसले.

बापूजीच्या पाया पडली. फळीवर तो माठ, नवं फडकं. फोडते म्हटलं. म्हणे, फोडला तं आवाज हवेत जाईन, मंग पोरगी बी हवेत. एक काढाचा तं दुसरा भरा लागते, माठ रिकामा राह्यत नाई. म्हणे, लेकराचं अंग लवकर सैल होते, तेच पाह्याचं होतं मले; खुशीनं न देणाऱ्याचा काढाचा तं त्याच्या आवाजाशी जुळणारा माठ लागते, तो तुमीच ओळखून देला. कायले रडता, नलूबाई, तुमाले तं समजलं होतं ना.

मी म्हटलं, माहा घ्या. घरात मावत नाई एवढा हाये.

१६ मार्च

माठाले तोंड लावून बोलली. पाळणा म्हटला. शिव्या देल्या. आईचं नाव, माह्या बुड्याचं नाव, जे होतं ते सारं — आटलं. बापूजी म्हणे, विमलनं थोडाथोडा देला म्हणून वर्षं लागली, तुमी एका दमात सारा ओतला, लवकर विरघळसान.

दीपा रडली! सारी गल्ली धावली. गोधडी दबली. मी हसली — कोणाले ऐकू गेलं नाई.

प्रियंकाले वाटते मी रुसली. विचारते, आई, बोलत काहून नाई. संघदीपले वही दाखवली, तं म्हणे, ऊन अजून उतरलं नाई.

१७ मार्च

पेनाची कुरकुर नाई. दोनदा बोटातून गळलं.

खिडकीतून दिसून राह्यलं — बापूजी ओट्यावर. प्रियंकाले म्हणतात, आईनं शिकवलं ना तुमाले, एक बारीकसा आणून द्या — मुठीएवढा —

ती हसली. पिशवी घेतली. दीपा कडेवर, खिदळते.

हाका मारल्या. लय मारल्या —

दार ढकललं, हात दारातून पार —

प्रियंका, बाई, माह्या उशाशी ही वही पाय. माठ आणू नको. आणला तं दीपाजवळ वाजवू