मल्हारच्या पेशी

१९ ऑगस्ट २०२३, दहिवडी

शाळेतून येऊन चहा टाकते तोवर मंगलवहिनीचा फोन. "सोनाताई, ह्यांच्या पेशी कमी झाल्यात!"

दादा मुंबईहून गावी ताप घेऊनच आला होता. माथाडीतला माणूस, चढउतार करून करून दणकट झालेला. आता परसात जाऊन यायचं तरी भिंत धरतो म्हणे. डॉक्टर म्हणाले, डेंग्यू असेल.

आमच्याकडं पेशी म्हटलं की एकच — डेंग्यूत कमी होतात त्या. आणि उपाय पण एकच, पपईच्या पानांचा रस. मी विज्ञानाची बाई! दरवर्षी दहावीच्या पोरांना सांगते की पेशी शेकडो प्रकारच्या असतात. पण संध्याकाळी मीच पपईची पानं तोडून गावाकडच्या एसटीत ड्रायव्हरजवळ दिली.

२३ ऑगस्ट

डेंग्यू नाही. तोंड धुताना हिरड्यांतून रक्त आलं ते थांबेचना. डॉक्टरांनी इथं काही करायलाच नको म्हणून सांगितलं. उद्या मिरज.

२७ ऑगस्ट, मिरज

कंबरेच्या हाडातून पाणी काढावं तसं काहीतरी काढून तपासलं. आज डॉक्टरबाईंनी मला, वहिनीला आणि दादाला समोर बसवलं. रिपोर्टमधला एक शब्द पुन्हा पुन्हा म्हणत होत्या — ब्लास्ट. ब्लास्ट फार आहेत.

वहिनी घाबरून, "ब्लास्ट? कशाचा?"

"तसला नाही हो. ब्लास्ट म्हणजे कोवळ्या पेशी. हाडाच्या मगजात जन्मतात. त्या मोठ्या होऊन रक्तात यायला पाहिजेत, कामाला लागायला पाहिजेत. ह्यांच्या मोठ्याच होईनात. नुसती संख्या वाढत चाललीय. चांगल्यांना जागाच राहिली नाही."

दादा म्हणाला, "म्हंजी बिनकामाची गर्दी."

"हो. रक्ताचा कॅन्सर."

दादा खिडकीकडं बघत बसला. बाई पुढं कितीतरी सांगत होत्या, मला त्यातलं निम्मं पण आठवत नाही.

३० ऑगस्ट

वहिनी फोनवर कॅन्सर म्हणत नाही. "ब्लास्ट झालाय" म्हणते. तिच्या माहेरच्यांना वाटलं, गॅसचं सिलिंडर उडालं. तिचा चुलता आज मिरजेला आला आणि दारातूनच विचारतो, "किती भाजलंय?" दादाला हसू आलं. हसता हसता नाकातून रक्त आलं.

१४ सप्टेंबर

केस गेले. भुवया पण. आई त्याला बघून आली आणि बाकड्यावर बसून म्हणाली, "जलमला तवा असाच दिसत हुता."

६ ऑक्टोबर

ब्लास्ट दिसत नाहीत! सगळ्यांचे चेहरे खुलले. वहिनीनं तिथल्या तिथं बिरोबाचा भंडारा दादाच्या कपाळाला लावला.

मग बाईंनी मला बाजूला घेतलं. दिसत नाहीत म्हणजे संपले असं नाही. ह्या जातीचा आजार परत येतो. आत्ताच दुसऱ्याच्या मूलपेशी देऊन मगज नवा करायला हवा. सख्ख्या भावंडांतलं कुणी जुळलं तर उत्तम.

मूलपेशी! पुस्तकात धडाच आहे. किती वर्षं शिकवला. "शरीरातल्या इतर सर्व पेशी जिच्यातून तयार होऊ शकतात ती" — पोरं घोकतात, मी पण घोकूनच शिकवला. आज पहिल्यांदा कळलं की त्या कुणाच्या तरी अंगातून मागून आणाव्या लागतात.

मागायच्या कुणाकडं? एक मी. दुसरा मल्हार.

८ ऑक्टोबर

मल्हार आमचा धाकटा. आता तासगावजवळ एका द्राक्षबागेत कामाला आहे, तिथंच राहतो. आबा, आमचे वडील, गेल्यावर मेंढरं त्यानंच सांभाळली. दहा वर्षांपूर्वीच्या दुष्काळात तो आजारी सासऱ्याला बघायला गेला होता. दादा मुंबईहून आला आणि त्याच्या माघारी सगळा कळप म्हसवडच्या बाजारात घातला. चारा नव्हता, पाणी नव्हतं. मरण्यापेक्षा गेलेली बरी, असं दादाचं म्हणणं. खोटंही नव्हतं. पण मल्हार परत आला तर मेंढरांचं वाडगं रिकामं, आत नुसत्या लेंड्या. तेव्हापासून त्यानं दादाशी बोलणं टाकलं. गावसुद्धा सोडलं.

आज तासगावला गेले. छाटणी चालू होती. ओळीत उभ्या उभ्याच सांगितलं.

"माझंच रगत का?" त्यानं कात्री थांबवली नाही.

"माझं पण तपासणार आहेत. सख्ख्या भावंडांचं जुळायची आशा जास्त असते."

"सख्ख्या!" — हसला. वाईट हसला.

तो ओळ संपेपर्यंत छाटत गेला, परत आला.

"देतो आक्का. मरू द्या म्हणणार न्हाई. पर त्येला सांगून ठेव, मी बोलणार न्हाई. मनात हाय ते हाय. ते काय सुईतनं निघत न्हाई."

२६ ऑक्टोबर

माझं निम्मंच जुळलं. मल्हारचं पूर्ण! बाई म्हणाल्या, इतकं जुळणं नशिबाचं. आई म्हणते, एकाच कुशीतली, जुळणार न्हाई तर काय.

मला बरं वाटलं आणि वाईटही. माझं जुळायला हवं होतं. मी आनंदानं दिलं असतं.

२१ नोव्हेंबर, मिरज

मल्हारला रोज इंजेक्शनं देतात, मूलपेशी मगजातून रक्तात उतराव्यात म्हणून. हाडं ठणकतात. "मेंढरानं धडक दिल्यागत" म्हणाला. तिकडं दादाला जहरी औषधं देऊन त्याचा जुना मगज मारून टाकलाय. आता मागं फिरणं नाही. मल्हार आत्ता उठून गेला तर दादा संपला. हे मल्हारला पण सांगितलेलं आहे. तो जात नाही. बोलत पण नाही. काचेपलीकडं दादा, अलीकडं हा, दोघं दोन दिशांना बघतात.

२३ नोव्हेंबर

मल्हारच्या हाताला दोन सुया, एकीतून रक्त मशीनमध्ये, दुसरीतून परत अंगात. दिवसभर. शेवटी एक पिशवी भरली. विटकरी रंगाची, एवढीशी. मला वाटलं होतं काहीतरी मोठं असेल.

संध्याकाळी ती दादाला लावली. आई काचेला हात जोडून उभी होती. मल्हार तोवर तासगावला निघून गेला होता.

१७ डिसेंबर

नव्या पेशी धरल्या! पांढऱ्या वाढताहेत. बाई पहिल्यांदा हसल्या.

१२ जानेवारी २०२४

तपासणीत आलं — दादाच्या रक्तातल्या सगळ्या पेशी आता दात्याच्या. शंभर टक्के. रक्तगट पण बदलायला लागला, मल्हारचा व्हायला लागला. दादा हातावरची शीर बघत म्हणाला, "ह्यातनं आता मल्हार फिरतोय व्हय?"

मग माझ्या फोनवरून त्याला फोन लावायला सांगितला. मल्हारनं उचलला. दादा नुसतं "मल्हार" म्हणाला. पलीकडून काहीच नाही. पण फोन ठेवला पण नाही. पलीकडून पाण्याच्या मोटारीचा आवाज ऐकू येत होता.

९ फेब्रुवारी

दादाच्या तळहातांवर लाल चट्टे. परवा तळपायांवर. आज पाठीवर पसरलेत.

१५ फेब्रुवारी

कातडी सुटायला लागली. पोटात काही ठरत नाही. घरी येऊन महिना नाही, परत मिरज. बाई म्हणाल्या, ह्याची भीती होतीच. दात्याच्या पेशींना दादाचं शरीर परकं वाटतंय. त्या शरीराशी भांडताहेत. थोडं भांडण चांगलंच असतं, कुठं चुकून ब्लास्ट लपून राहिला असेल तर त्यालाही त्याच मारतात. पण हे फार झालंय.

मी शहाणीनं हे सगळं फोनवर मल्हारला जसंच्या तसं सांगितलं. तो एवढंच म्हणाला, "म्हंजी माझंच त्येला खातंय."

१८ फेब्रुवारी

मल्हार आला. अंघोळ नाही, जेवण नाही, बागेतल्याच कपड्यांवर. दादाला बघितलं — सगळं अंग सोललेलं, ओठ फुटलेले, डोळे तेवढे ओळखीचे. तसाच मागं फिरून बाईंच्या केबिनमध्ये गेला. मी मागं.

"बाई, एक इचारू? मनात राग धरून दिलं तर त्यो राग उतरतो का त्यात?"

बाईंनी पेन खाली ठेवलं. "नाही हो. पेशींना राग नसतो. त्यांना फक्त आपलं आणि परकं एवढंच कळतं."

बाहेर आल्यावर भिंतीला टेकला. म्हणाला, "मग मला तरी दुसरं काय कळत हुतं, आक्का?"

मी विज्ञानाची बाई. मला सांगता येत होतं की तसं नसतं. सांगितलं पण. तो ऐकत नव्हता. खरं म्हणजे त्याला सोललेला दादा दिसत होता आणि मला पण.

२ मार्च

भांडण दाबायची औषधं दुप्पट केली. आज दादानं मला ओळखलं नाही.

३ मार्च

मल्हारनं बागेतलं काम सोडलं. इथंच राहतो, बाहेर व्हरांड्यात. अनवाणी फिरतो. बिरोबाला बोललाय, म्हणे — भांडण थांबू दे, जल्मात चप्पल घालणार नाही.

२५ मार्च

पोट थांबलं. चट्टे फिके पडताहेत. दादानं वाटीभर पेज खाल्ली! नर्सबाईपासून सगळे येऊन बघून गेले.

१८ एप्रिल, गावी

घरी आणला. कातडी नवी आलीय, लहान पोरासारखी, गुलाबी. मल्हार सोबत आलाय. इतक्या वर्षांनी त्याची पावलं ह्या उंबऱ्यात. आई चुलीपुढून उठलीच नाही, तिथंच पदरात तोंड घालून बसली.

दुपारी दोघं लिंबाखाली. मी आत तांदूळ निवडत होते. सगळं ऐकू येत होतं.

"मेंढरं इकली त्या दिशी म्या बी भाकर खाल्ली न्हाई, मल्हार."

"ठावं हाय. आईनं सांगितलं हुतं."

"मग बोलला का न्हाईस रं?"

"राग हुता."

"आन् आता?"

मग मल्हार, "आता थांबलाय. बाईंनी सांगितलं न्हवं? सगळं भांडान थांबलंय."

दोघं हसले. आईनं आतून ऐकलं, माझ्याकडं बघितलं. ह्या घरात असं हसू ऐकून किती दिवस झाले होते!

२० मे

मल्हारनं चार शेळ्या आणल्या. दादा काठी टेकत बांधापर्यंत जातो आणि त्यांच्याकडं बघत बसतो.

२४ जून, मिरज

तपासणीला दादासोबत मी, मल्हार आणि आई. बाईंनी कागद माझ्याकडं सरकवला. मीच वाचलं. दात्याच्या पेशी बासष्ट टक्के. बाकीच्या रुग्णाच्या स्वतःच्या.

आईनं विचारलं, काय लिवलंय? माझ्या तोंडून निघून गेलं — "दादाच्या स्वतःच्या पेशी परत आल्यात."

"सवताच्या? परत आल्या?" आईनं दादाच्या तोंडावरून हात फिरवला, कानशिलावर बोटं मोडली. "बिरोबा पावला! माझ्या लेकराचं सवताचं परत आलं!" आणि पिशवीतून गूळ काढून शिपायाला देते, शेजारच्या बाकड्यावरच्या बाईला देते.

त्याच त्या. त्याच कोवळ्या, बिनकामाच्या. स्वतःच्या म्हणजे आजाराच्या. मला शिक्षकाच्या तोंडानं एक वाक्य बोलायचं होतं आणि ते आलं नाही. गुळाचा खडा तळहातावर धरून उभी राहिले.

मल्हारला कळलं होतं. तो आईकडं बघत नव्हता. कागदाकडं बघत होता. बाईंना हळू आवाजात म्हणाला, "भांडान थांबवलं म्हणून?"

बाई म्हणाल्या, तसं ठामपणे कुणालाच सांगता येणार नाही. भांडण थांबवलं नसतं तर दादा तेव्हाच गेला असता.

२५ जून

आईला सांगितलं. ती रडली नाही. "मंग तू परत आल्या का म्हणालीस?" एवढंच विचारलं. आपल्या भाषेत चांगलं परत येतं आणि आजार पण परतच येतो.

२८ जून

बाईंनी दोघा भावांना समोर बसवून सांगितलं. उपाय एकच उरलाय. दाबायची औषधं बंद करायची आणि मल्हारच्या पेशी पुन्हा द्यायच्या. मुद्दाम भांडायला. ह्या वेळी भांडण आवरेलच असं नाही. दादा त्यातच जाऊ शकतो.

मल्हार मान खाली घालून बसला.

दादानं आपला गुलाबी हात त्याच्या गुडघ्यावर ठेवला.

"दे रं," म्हणाला. "आन् ह्या बारीला चांगला रागानं दे."