इलेक्ट्रॉन सात किलोमीटरवर

४ जानेवारी
नव्या वर्षाचे संकल्प: सिगारेट बंद. सकाळ-संध्याकाळ मिठाच्या पाण्याच्या गुळण्या. चिडायचं नाही. आवाज जरा बसलाय. थंडी, दुसरं काय.

५ जानेवारी
सिगारेट एकदम सोडणं शरीराला धक्का देणारं असतं, असं कुठेतरी वाचल्याचं आठवतं. हळूहळू सोडू.

१३ जानेवारी
ऐतिहासिक दिवस! इतकी वर्षं विज्ञान केंद्रात डायनोसॉरचे दात आणि कापलेले ज्वालामुखी बनवले. आज संचालकांनी मला अख्खं दालन दिलं. विषय: अणू. उद्घाटन एप्रिलमध्ये, आणि भाषण मी करायचं. संचालकांना मी मनातल्या मनात न्यूट्रॉन म्हणतो. वजन आहे, चार्ज नाही. आता म्हणणार नाही.

घरी सांगितलं. सौ. म्हणाली, आधी तो घसा दाखवा, भाषण काय खुणांनी करणार आहात?

२४ जानेवारी
घशाच्या डॉक्टरकडे गेलो. म्हणजे सौ.ने नेलं. नाकातून नळी घालून आत बघितलं. स्वरयंत्राच्या पट्टीवर गाठ आहे म्हणे, तांदळाच्या दाण्याएवढी. तुकडा काढून तपासायला पाठवला.

तांदळाचा दाणा! माझ्या उंचीत तसले पावणेतीनशे दाणे उभे राहतील. याला राईचा पर्वत म्हणतात.

३ फेब्रुवारी
रिपोर्ट आला. तो शब्द इथे लिहीत नाही, उगाच वहीला सवय नको.

डॉक्टर म्हणाले, लवकर सापडलंय, नशीबवान आहात. सहा-सात आठवडे रोज रेडिएशन घ्या, आवाज बहुतेक वाचेल. उशीर केलात तर स्वरयंत्रच काढावं लागेल. मी म्हटलं, उद्घाटन झालं की लगेच येतो. ते म्हणाले, उद्घाटनाचं गाठीला सांगून ठेवलंय का? डॉक्टरांनी विनोद करू नयेत.

४ फेब्रुवारी
सौ. माझ्याशी बोलत नाही. शांतता चांगली, कामाला वेळ मिळतो.

११ फेब्रुवारी
आजवरची सगळी अणू मॉडेलं खोटी आहेत! लाडवाएवढा प्रोटॉन आणि वीतभर अंतरावर गोट्यांएवढे इलेक्ट्रॉन. शुद्ध फसवणूक. माझं दालन खऱ्या मापाचं होणार. हायड्रोजन घेतला, सगळ्यात साधा. प्रोटॉन फुटबॉलएवढा. न्यूट्रॉन जवळपास तेवढाच असतो, पण हायड्रोजनला तो लागत नाही. (आमच्या केंद्रालाही लागत नाही. हे शेवटचं.) आणि त्या हिशेबाने इलेक्ट्रॉन साधारण सात किलोमीटरवर.

२ मार्च
सुतार विचारतो, इलेक्ट्रॉनचा मणी केवढा करू? म्हटलं, तो प्रोटॉनपेक्षा अठराशे पट हलका, आणि आकार तर कुणाला सापडलेलाच नाही. जितकं बारीक मापायला जावं, त्याहून तो बारीकच. सुतार म्हणाला, म्हणजे करायचाच नाही? पैसे मात्र पूर्ण लागतील. हे सगळं घोगऱ्या कुजबुजीत समजावलं. सुताराला वाटलं, गुपित आहे.

१९ मार्च
फुटबॉलचा चौथरा तिरका झाला. उद्घाटन जूनवर. माझा इलाज नाही. डॉक्टरांकडून फोन आला होता, सौ.ने घेतला. मी गुळण्या करत होतो.

६ एप्रिल
सौ. तब्बल दोन महिन्यांनी सविस्तर बोलली. मी शांतपणे सांगितलं की निसर्गात लहान-मोठं सगळं सापेक्ष असतं, दाण्याएवढ्या गोष्टीचा बाऊ करू नये. ती टेबलावरचा माझा माहितीफलक उचलून वाचायला लागली: केंद्रक अणूच्या मानाने अतिशय लहान असते, परंतु जवळजवळ सर्व वस्तुमान त्यातच असते. वाचून फलक खाली ठेवला आणि आत गेली. माझंच वाक्य माझ्या तोंडावर, तेही संदर्भ सोडून.

स्वयंपाकघरात बराच वेळ नळ चालू होता. ती रडताना नळ सोडते. पाणी वाया जातं.

२८ एप्रिल
इलेक्ट्रॉनची जागा नक्की करायला निघालो. केंद्राच्या दारापासून स्कूटरवर, काट्यावर डोळा ठेवून. सात किलोमीटर भरले ते मोठ्या हॉस्पिटलच्या कुंपणापाशी. डॉक्टरांनी रेडिएशनसाठी ज्याच्या नावाची चिठ्ठी दिली होती, तेच. योगायोग.

सोबत पाटी होती: इलेक्ट्रॉन बहुधा इथे. ती तारेने कुंपणाला बांधत होतो, तेवढ्यात वॉचमन आला. त्याला समजावू लागलो, पण घशातून नुसती हवा आली. त्याने पाटीकडे बघितलंच नाही. खांद्यावर हात ठेवून म्हणाला, काका, घशाचे पेशंट डावीकडे, तळमजल्यावर. फार गर्दी नाही आज, जाऊन या.

गेलो नाही. पाटी लावायची होती ती लागली. घरी येताना एक सिगारेट. एकच.

१७ मे
गिळताना खुपतं. सौ.ने जेवण मऊ करायला सुरुवात केली आहे, न विचारता. मीही विषय काढला नाही.

७ जून
उद्या उद्घाटन. भाषण पाठ आहे. आवाजाला विश्रांती म्हणून तीन दिवस अजिबात बोललो नाही. उद्या खणखणीत निघणार.

८ जून
दालन उघडलं. मधोमध चौथरा, त्यावर तांबडा फुटबॉल, बाकी भिंतीपासून भिंतीपर्यंत काही नाही. प्रमुख पाहुण्या चौथऱ्याभोवती एक फेरी मारून आल्या आणि हसून म्हणाल्या, छान आहे, बाकीचं सामान कधी येणार?

याच प्रश्नासाठी पाच महिने थांबलो होतो. माईकपाशी गेलो. तोंड उघडलं. स्पीकरमधून फुंकर मारल्यासारखा आवाज आला. पुन्हा प्रयत्न केला, पुन्हा फुंकर. कुणीतरी म्हणालं, माईक बिघडलाय. संचालकांनी माईक घेतला, टकटक केलं, तो ठणठणीत होता. मग तेच बोलले. इलेक्ट्रॉन लवकरच बसवण्यात येतील, निळ्या रंगात.

सौ. शेवटच्या रांगेत होती. टाळ्या वाजल्या तेव्हा तिने वाजवल्या नाहीत.

१० जून
पुन्हा नळी. आता दाणा म्हणत नाहीत. पट्टीबाहेर पसरलंय, मानेतही गेलंय. रेडिएशनने भागणार नाही, स्वरयंत्र पूर्ण काढायचं. मी कागदावर लिहून विचारलं, फेब्रुवारीत आलो असतो तर? डॉक्टरांनी कागद वाचला आणि घडी करून मला परत दिला.

मला भीती वाटते आहे. हे लिहायला काय हरकत आहे, कोण वाचतंय.

२१ जून
उद्या ऑपरेशन. सौ.शी काहीतरी चांगलं बोलायचं ठरवलं होतं, शेवटचं म्हणून. कुजबुज अजून निघते थोडी. पण भूलवाले आले, मग फॉर्म, मग तिची बहीण. राहून गेलं.

१५ ऑगस्ट
घरी येऊन बरेच दिवस झाले. मानेत भोक आहे, त्यातून श्वास. सिगारेट सुटली.

संकल्प: आता बोलणं पाटी-पेन्सिलीनेच, तेव्हा अक्षर सुवाच्य काढायचं. अन्ननलिकेतून आवाज काढायला शिकवतात, तो क्लास लावायचा. वर्षभरात भाषण.

२ सप्टेंबर
क्लासला गेलो नाही. पाऊस होता. थोडासाच, पण होता.

३ सप्टेंबर, सकाळी
सौ. बाजारात गेली होती. फोन वाजला. सवयीने उचलला. तीच होती, तिनेही सवयीनेच लावला असणार. दूध आलं का, तिने विचारलं. मग हॅलो, हॅलो म्हणाली. ऐकू येतंय का, म्हणाली. आणि मग तिच्या लक्षात आलं.

तिने फोन ठेवला नाही. मीही ठेवला नाही. मागून भाजीवाल्यांची ओरड ऐकू येत होती.

दूध आलं होतं.