खेळ संपल्याची आरोळी

मिलरटन, ओहायो
२० जून १९८६

ती. मामंजी व ती. सौ. आत्याबाई यांच्या चरणी भीमपूरच्या सुनेचा सा. न. वि. वि.

तार पोचली असेलच. तुमची नात खुशाल आहे, मी खुशाल आहे, फक्त तुमचे चिरंजीव अजून सावरलेले नाहीत. लेकरू मोटारीत झालं हे तारेत लिहिण्यासारखं नव्हतं, म्हणून आता सविस्तर लिहिते.

बुधवारी, अकरा तारखेला, संध्याकाळी एक सर येऊन गेली आणि आभाळ उघडलं. नऊ वाजले तरी सूर्य नुकताच टेकत होता. अजून दिवसच आहे अशा भ्रमात मी कळा अंगावर काढत बसले. निघालो तेव्हा दहा वाजून गेले होते. घाईत ह्यांचं मनगटी घड्याळ घरी राहिलं, आणि मोटारीतलं घड्याळ तर आम्ही ती विकत घेतली तेव्हापासूनच मुकं आहे.

दवाखान्याच्या वाटेवर बेसबॉलचं मोठं मैदान आहे. क्रिकेटचा चुलतभाऊ म्हणावा असा हा खेळ. पगारी खेळाडू खेळतात आणि अर्धं गाव तिकीट काढून बघायला जातं. मैदानाच्या फाटकाशी आल्यावर मी ह्यांना सांगितलं की आता पुढे जाणं नाही. हे धावत जाऊन तिकीटखिडकीवरच्या डोरिसबाईंना घेऊन आले. पाच लेकरांची आई ती, तिनं बाह्या सरसावल्या. पोरगी तिच्या हातात आली आणि त्याच क्षणी आत हजारो माणसांची आरोळी उठली. खेळ संपला होता, गावचा संघ जिंकला होता, आणि वर आतषबाजी सुटली. डोरिसबाई म्हणाली की एवढ्या थाटात तर राणीचं लेकरूही जन्मत नसेल.

मग गर्दीतून वाट काढत दवाखाना गाठला तेव्हा अकरा दहा झाले होते. जन्माची वेळ आम्हाला सांगता येईना, म्हणून कागदावर तीच पडली.

एक मागणं आहे. तुमच्या आईचं, बयनाबाईंचं नाव पोरीला द्यावं असं मला फार वाटतं. तुमचा होकार आला की बारसं करू. आजवर सगळा लोभ माझ्यावर केलात, आता त्यातला अर्धा तिच्या वाट्याला द्यावा.

आपली आज्ञाधारक,
देवका


भीमपूर, जि. आदिलाबाद
९ जुलै १९८६

चि. सौ. देवका हीस चंपतरावाचे अनेक आशीर्वाद. चि. महिपत यासही तेच.

तार आली त्या दिवशी गावात गूळ वाटला. तुझं पत्र चावडीवर वाचून दाखवलं. मोटारीतल्या बाळंतपणावर तुझी आत्याबाई म्हणे की आमच्या काळी बैलगाडीत होत होती, यात नवल ते काय. कपाशीची लावण झाली आहे, ज्वारीही वर आली आहे.

मग मी पंचांग उघडलं, आणि न उघडतो तर बरं झालं असतं. दवाखान्याच्या वेळेवर मुलगी आश्लेषेवर येते. पहिला चरण आहे, शांती केली की बाधा नाही असं पुस्तक म्हणतं. पण मी पुस्तकापेक्षा डोळ्यांवर जास्त विश्वास ठेवतो. माझे थोरले भाऊ अमृतराव यांना आश्लेषेवर मुलगी झाली, आणि वर्षाच्या आत भावाला वावरात साप चावला. मी अठरा वर्षांचा होतो. पाणी मागत माझ्याच मांडीवर गेला. त्या मुलीला, पंचफुलाला, मग आम्ही आजोळी धाडलं. घरात पुन्हा काही अशुभ झालं नाही.

महिपत माझा एकुलता एक आहे. म्हणून सांगतो, शांती मी इकडे करीन. दिवाळीला या आणि मुलीला पाच वर्षं इचोड्याला विहीणबाईंकडे ठेवा. रेणुकाबाई तिला तळहातावर झेलतील. तोवर आईचं नाव तिला देता येणार नाही. महिपतला वेगळं लिहिलं आहे, तो माझा शब्द मोडणार नाही.

ती थोडी आधी जन्मली असती तर पुष्य होता, आणि आपल्याकडे तेव्हा गुरुवारची सकाळ, म्हणजे गुरुपुष्य! आरोळी उठली तेव्हा जन्मली म्हणतेस, पण आरोळी कधी उठली? संपायची वेळच ठरलेली नाही असला खेळ म्हणजे तहसील कचेरीतली पेशी झाली. पुरावा असेल तर दाखव. मी हट्टी आहे, आंधळा नाही.

माया उणी झाली असं मनात आणू नकोस.

तुझा मामंजी,
चंपतराव


मिलरटन
१४ ऑगस्ट १९८६

ती. मामंजी व ती. सौ. आत्याबाई यांस सा. न. वि. वि.

तुमचं पत्र वाचून दोन दिवस रडले आणि तिसऱ्या दिवशी पदर खोचला. तुमचे चिरंजीव तुमचं पत्र वाचून मिठाची गुळणी धरून बसले. मी विचारलं की पोरीला सोडून याल का, तर उठून भांडी घासायला लागले. म्हणजे लढायचं मला एकटीलाच होतं.

माझ्या आईकडे पोर राहिली तर आईला आनंदच होईल हे मला ठाऊक आहे. पण मी तिला जन्म दिला तो वर्षातून एकदा फोटो बघायला नाही. हे रागाने लिहीत नाही मामंजी, पण स्पष्ट लिहिते.

आधी वाचनालयात जाऊन त्या दिवसाचं वर्तमानपत्र काढलं. खेळ सातला सुरू झाला आणि पावणेतीन तास चालला असं त्यात होतं. बेरीज पावणेदहा. तेव्हा तर मी घरी कळा मोजत होते! डोरिसबाईकडे गेले तर ती हसायलाच लागली. म्हणाली, मधे पावसाने खेळ थांबला होता, आणि पावसाचा वेळ हे लोक खेळात धरत नाहीत. पाऊस किती वेळ होता म्हणून विचारलं तर कोणी अर्धा तास म्हणे, कोणी दीड. फाटकावरचे, शेंगा विकणारे, गाड्या लावून देणारे, सगळ्यांना विचारून झालं. जिंकलो हे प्रत्येकाला आठवत होतं, वेळ एकालाही नाही.

शेवटी डोरिसबाईनेच रेडिओचं नाव काढलं. इथलं केंद्र सगळ्या खेळांचं धावतं वर्णन करतं. तिथल्या गृहस्थांना माझी हकिकत सांगितली. त्यांना नक्षत्र कळलं नाही, पण आजोबा अडून बसलेत हे बरोबर कळलं. त्यांनी त्या रात्रीची टेप शोधून लावली. पोर माझ्या मांडीवर होती. शेवटचा गडी बाद झाला आणि आरोळी उठली. तीच ती, मामंजी! पोर दचकून रडायला लागली. पुन्हा तसंच! आरोळी सुरू असतानाच निवेदक सांगतो की रात्रीचे दहा चाळीस झाले आहेत आणि आपण जिंकलो आहोत.

दवाखान्याच्या वेळेच्या अर्धा तास आधी! माझ्याकडे पंचांग नाही. गृहस्थांनी टेपची नक्कल करून दिली, ती कॅसेट सोबत धाडते. ऐका आणि मोजा. तुम्ही पुरावा मागितलात, मी मैदान पालथं घातलं. आता लोभाचा निवाडा तुमच्या हाती आहे.

आपली,
देवका


भीमपूर
६ सप्टेंबर १९८६

चि. सौ. देवका हीस अनेक आशीर्वाद.

कॅसेट पोचली. टेप वाजवायचं यंत्र भीमपुरात नाही, म्हणून इचोड्याला तुझ्या वडिलांच्या दुकानी गेलो. लक्ष्मणरावांनी शेजारच्या ढाब्यावरून टेपरेकॉर्डर मागून आणला. ढाब्यावरची गाणी बंद पडली तसे ट्रकवाले काय झालं म्हणून बघायला आले. कोणाला एक अक्षर कळेना. पण आरोळी उठली आणि तुझ्या आईने डोळ्याला पदर लावला. लक्ष्मणरावांनी हिंदीत सगळी हकिकत सांगितल्यावर ट्रकवाल्यांनी टाळ्या पिटल्या. एका नागपूरच्या ड्रायव्हरने सगळ्यांना चहा पाजला. कॅसेट पाच वेळा लावली. त्या गलक्यात कुठे लेकराचं रडणं ऐकू येतं का म्हणून मी यंत्राला कान लावून बसलो होतो.

मग घरी येऊन मोजलं. महिपतच्या शाळेच्या नकाशात तुमच्या भागाचं आणि आपलं अंतर साडेदहा तासांचं दिलं आहे. तुमचे रात्रीचे दहा चाळीस म्हणजे आपले सकाळचे नऊ दहा. पुष्य आठ पंचवीसलाच संपला होता. पाऊण तासाने हुकलं गं. चार वेळा मोजलं. पोळ्याच्या दिवशी बैल सजवायचे सोडून पाटी घेऊन बसलो होतो.

तू खरी ठरलीस, तुझी खटपट खरी ठरली, तरी वेळ आपली झाली नाही. माझं म्हणणं जड मनाने कायम ठेवतो. तुझी आत्याबाई माझ्याशी बोलून नाही राह्यली. पोरीला मायपासून काऊन तोडता, एवढं एकदा म्हणाली, आणि तेव्हापासून तिच्या वतीने ताटवाट्याच बोलतात.

या म्हाताऱ्यावरचा लोभ आटू देऊ नकोस.

चंपतराव


मिलरटन
२१ सप्टेंबर १९८६

ती. मामंजी व ती. सौ. आत्याबाई यांस उड्या मारत सा. न. वि. वि.

मामंजी, जिंकलो!

तुमचं पत्र ह्यांनी वाचलं. उठले, भिंतीवरचं घड्याळ काढलं आणि माझ्यासमोर काटा तासभर मागे फिरवला. मी कपाळावर हात मारला. अहो, उन्हाळ्यात इथलं सरकार सगळ्या देशाची घड्याळं तासभर पुढे करून ठेवतं! नकाशातलं अंतर हिवाळ्याचं. जूनमध्ये ते साडेनऊच तासांचं असतं. म्हणजे आपल्याकडे तेव्हा आठ दहा झाले होते. पुष्य संपायला चांगला पाव तास होता, वार गुरुवार, आणि सूर्य कधीच उगवलेला. तुमची नात गुरुपुष्यावर आली आहे! लोक त्या मुहूर्तावर सोनं घेतात, तुमच्या घरी तर चालून आलं.

आणि आत्याबाईंना सांगा की त्यांच्या लेकाने गुळणी थुंकली. काटा फिरवून झाल्यावर हे म्हणाले की हिशेब उलटा आला असता तरी मी पोरीला धाडणार नव्हतो, फक्त बाबांना तसं लिहायचं धैर्य गोळा करत होतो. आता मी लिहून टाकलं, त्यांचं काम वाचलं.

आता नाव द्या मामंजी. सव्वातीन महिन्यांची झाली, अजून सगळे तिला बाळच म्हणतात. उत्तराची आणि लोभाची वाट बघते.

गुरुपुष्याची आई,
देवका


भीमपूर
१६ सप्टेंबर १९८६

चि. सौ. देवका हीस अनेक उत्तम आशीर्वाद. चि. महिपत यास तसेच.

मागचं पत्र टाकून दहा दिवस झाले. तुझं उत्तर यायला अजून वेळ आहे, पण मला थांबवत नाही.

शांतीचं विचारायला बासरला गेलो होतो. आपली पंचफुला तिथेच दिली आहे, तिच्याकडे उतरलो. तुझी सगळी हकिकत तिला सांगितली. तिने मला जेवू घातलं आणि मग शांतपणे म्हणाली की काका, आजीनं मला उपाशी ठेवलं नाही, पण माय कोणाले म्हणावं हे मला सात वर्षांची होईपर्यंत समजलं नाही. बाप गेल्याचं दुःख समजतं म्हणाली, पण मायही का नेली ते कोणी सांगितलं नाही. एकेचाळीस वर्षांत मी तिला हे एकदाही विचारलं नव्हतं. देवका, सापाचा राग मी एका तान्ह्या पोरीवर काढला होता.

शांतीचं न विचारताच परत आलो, आणि पंचफुलाला सोबत घेऊन आलो.

पितृपक्ष तोंडावर आहे, म्हणून काल बारसं उरकलं. इचोड्याहून तुझे आईवडील टेपरेकॉर्डर घेऊन बसने आले. महिपतचा जुना पाळणा माळ्यावरून काढला, धुतला, झेंडूची माळ लावली. आत तू तिकडे जाण्याआधी शिवून ठेवलेली कुंची ठेवली आणि तू धाडलेला लेकराचा फोटो. आत्याचा मान पंचफुलाचा. तिने वाकून रिकाम्या पाळण्यात नाव सांगितलं, बयना. माझ्या आईचं नाव माझ्या नातीला दिलं आहे. मग कॅसेट लावली, आणि आरोळी उठली तशी तुझ्या आत्याबाईने दोरी ओढली. सगळं भीमपूर ओरडलं. तुमच्या मैदानात तरी एवढा गलका झाला असेल का, मला शंका आहे. पोरं अजून गल्लीत तीच आरोळी ठोकत फिरून राह्यली आहेत.

बयना तिच्या मायजवळच राहील. वेळ कोणतीही असो. अक्षर काढायची झाली की बासरला सरस्वतीच्या पायांशी आणा, पंचफुलाच्या घरी उतरू.

तुझी आत्याबाई आता बोलते आहे. गेल्या पंधरा दिवसांचं साठलेलं सगळं बोलते आहे. लोभ इकडे उतू चालला आहे, तुम्हीच येऊन न्यावा.

बयनाचा आजा,
चंपतराव

ता. क. तुझं पहिलं पत्र बारशात पुन्हा वाचलं. नऊ वाजता सूर्य टेकत होता असं तू लिहिलं आहेस. जूनमध्येसुद्धा नऊला सूर्य कसा राहील? मग आठवलं, लढाईच्या दिवसांत रेल्वेची घड्याळं तासभर पुढे केली होती, आणि वडिलांची नागपूरची गाडी चुकली होती. तिकडेही तसं काही केलं आहे का? असेल तर गुरुपुष्य निघतो. कळव, पण घाई नाही. नाही निघाला तरी पाळणा हलला तो हलला.