गावाला धाडलेला बुधाजी

लालबाग, फेब्रुवारी १९५६

चिरंजीव बुधाजी,

सवयीनं चिरंजीव लिहून गेलो बघ.

रेडिओवरच्या माझ्या श्रुतिकेत गिरणीकामगार बुधाजी तुझंच बोलणं बोलायचा. सगळी चाळ हसायची, अंथरुणाला खिळलेली आईसुद्धा. संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चात गोळी लागून तू गेलास, पण ते लिहायची माझी छाती झाली नाही. रेडिओची सरकारी नोकरी जाईल या भीतीनं मी श्रुतिकेतल्या बुधाजीला गावाला धाडला. कोणी सांगितलं नव्हतं रे, मीच भ्यालो.

आईला आम्ही तुझी डबल पाळी सांगत होतो, ती झोपल्यावर येतोस नि उठायच्या आत जातोस म्हणून. काल रेडिओ ऐकून ती म्हणाली, "बुधो गावाक गेलो? माका न सांगता? कागद लिही त्येका, येवक सांग."

आता ती पडल्या पडल्या माझ्या लेखणीकडे बघतेय. पत्ता काय घालू?

तुझा भ्याड दादा,
राजाराम