राखाडी हातमोजा, डाव्या हाताचा

ब्रातिस्लावा, २६ जून १९८७

प्रिय ओटिलिया,

पाकिटावरचं अक्षर ओळखून हे पत्र चुलीत घालायचा विचार मनात आला असेल, तर जरा थांब. जून महिन्यात चूल पेटवून घर तापवण्यात अर्थ नाही. तीन वर्षांत या माणसाने एक ओळ लिहिली नाही आणि आज पानंच्या पानं लिहितोय, म्हणजे नक्की फुशारकी मारायला, असं तू म्हणशील. म्हण. थोडी फुशारकी आहेच. आमचं गाणं पास झालं, ओटी. तिसऱ्या खेपेला, पाचपैकी पाच मतांनी. रेडिओवर लागलं, पुन्हा लागलं, आणि आता तर दिवसातून दोनदा लागतं. आईने कळवलंय की पहिल्या शनिवारी ते ऐकून आगाथाकाकूंनी अंडी फेटायची थांबवली, काकांनी रंधा खाली ठेवला, आणि समोरच्या घरात तू मात्र खिडकी धाडकन लावून घेतलीस. आईचं म्हणणं, तुला वारा लागला असेल. मला तसं वाटत नाही.

म्हणून सगळं पहिल्यापासून सांगतो. गाणं रेडिओवर लागलं की तुला न्यायला येईन, असं मी बसथांब्यावर छाती फुगवून सांगितलं होतं. वर्षभरात येतो, म्हणालो होतो. काकांनी बुडापेस्टहून रजईत गुंडाळून आणलेला सिंथेसायझर तेव्हा नवा होता. सीमेवर शिपायाने विचारलं तेव्हा काकांनी तो भाता नसलेला अकॉर्डियन आहे म्हणून सांगितलं, आणि शिपायाला ते पटलं. अशा यंत्राने वर्षभरात जग जिंकू, असं मला वाटणं साहजिकच होतं. पण बँडची परीक्षा घेणाऱ्या सरकारी समितीचा शिक्का नसेल तर आपल्याकडे लग्नातसुद्धा वाजवता येत नाही, आणि रेडिओ तर लांबच. पहिल्या खेपेला अध्यक्षबाई, म्हणजे श्रीमती ह्वोझ्दोवा, शांतपणे म्हणाल्या, "मुलांनो, हे गाणं आहे की कुणाचा फ्रीज बिघडलाय?" दुसऱ्या खेपेला म्हणाल्या, "फ्रीज दुरुस्त झालेला दिसतो. पण गाणं कुठंय?" तिसऱ्यांदा नापास झालो असतो तर आधीचा तात्पुरता शिक्काही गेला असता, बँड मोडला असता आणि मी गावी येऊन बाबांच्या वखारीत फळ्या मोजत बसलो असतो. तुझ्या घरासमोरून रोज दोनदा, रिकाम्या हातांनी. त्या एका गोष्टीला मी जितका घाबरत होतो तितका कशालाच घाबरत नव्हतो. पत्र न लिहिण्याचं कारणही तेच. हरलेला माणूस काय लिहिणार?

ईस्टरला मी गावात येऊन गेलो, हे तुला कुणी सांगितलं का माहीत नाही. सोमवारी सकाळी बाकीच्या पोरांसारखा मीही रीतीप्रमाणे पोरींना भिजवायला बादली घेऊन निघालो. यंदा तुझ्या दारात जायचं, पाणी ओतायचं, तू शिव्या दिल्यास की निमूट ऐकून घ्यायच्या, असं ठरवलं होतं. नळ सोडला तर थेंब नाही. तेवढ्यात खांबावरचा ग्रामकचेरीचा भोंगा बोलायला लागला. आधी ते तीन सूर, मग तुझा आवाज: गावकरी मंडळी, मुख्य नळ फुटल्यामुळे दुपारी बारापर्यंत पाणी बंद, दुपारी बारापर्यंत पाणी बंद. ईस्टरच्या सोमवारी, ओटी. अख्ख्या गावाच्या पोरी त्या दिवशी तुझ्या नावाने मेणबत्ती लावणार होत्या म्हणे. पोरं बादल्या घेऊन ओढ्याकडे पळाली. मी खांबाखाली उभा राहिलो. तू कचेरीत होतीस, दोनशे पावलांवर, आणि मला तेवढीही हिंमत झाली नाही. बाराची बस पकडली.

बसमध्ये सूर सुचला. तीन स्वर, मधला जरा लांबवलेला. तीन वर्षांत पहिल्यांदा असं काही सुचलं होतं की पुन्हा पुन्हा गुणगुणावंसं वाटावं. मी तिकिटाच्या मागे लिहून घेतला आणि ब्रातिस्लावा येईपर्यंत स्वतःच्या बुद्धीवर खूश होत राहिलो.

आम्ही सराव करतो तो इमारतीच्या कपडे वाळत घालायच्या खोलीत. चादरींच्या दोऱ्यांखालून वाकून आत यायचं, सिंथेसायझर इस्त्रीच्या टेबलावर. दारिना गाते, ती दिवसा दातांच्या दवाखान्यात नर्स असते. एमिल लिफ्ट दुरुस्त करतो आणि त्याने स्वतः जोडलेलं ठेक्याचं यंत्र वाजवतो. बेस वाजवतो आपल्या खाटकाचा वेन्डेलीन. मी त्यांना म्हटलं, ऐका, आणि ते तीन सूर वाजवले. वेन्डोने गिटार खाली ठेवली, उठला, सरळ खिडकीपाशी गेला, ती उघडली आणि डोकं बाहेर काढून म्हणाला, "शू, गप बसा जरा, काय सांगतायत ऐकू दे." सहाव्या मजल्यावर, राजधानीत. आपण काय करतोय हे त्याचं त्यालाच अर्ध्या मिनिटाने कळलं. दारिना हसून हसून चादरींत पडली. वेन्डो हसला नाही. माझ्याकडे वळून म्हणाला, "ए शहाण्या, हे तुला बसमध्ये सुचलं होय? अरे, ही आपल्या ओटीची घंटी आहे. भाच्याचं काष्ठतरंग घेऊन रोज वाजवते ती, कचेरीतली सूचनेआधी वाजवायची तबकडी मोडल्यापासून."

मी भांडलो, बरं का. तीन सूर काय कुणाच्या मालकीचे असतात, म्हणालो. मग आठवडाभर ते बदलून पाहिले. एक वर नेला, एक खाली आणला, चौथा जोडला. गाण्याचा पार चोथा झाला. शेवटी वेन्डोच कंटाळून म्हणाला, "चोरलंयस ना? मग चोरी तरी नीट कर." आणि मी सूर होते तसे परत ठेवले.

तरी काहीतरी जमत नव्हतं. त्या सुरांनंतर दारिना चांदणं, डोळे, विरह असलं गायची, आणि ऐकणारा प्रत्येक जण उगाच वाट पाहत राहायचा. कशाची, ते एमिलने ओळखलं. तो म्हणाला, "घंटी झाली की माणूस सूचनेची वाट बघतो. तुम्ही त्याला चांदणं देताय. त्याला सांगा ना, गॅसची गाडी कधी येणार ते." मी दारिनाचे शब्द फाडून टाकले. तिने दोन दिवस अबोला धरला, आणि मी मात्र नाताळात मी गावी होतो तेव्हाची तुझी सूचना आठवून आठवून लिहून काढली. चर्चच्या पायरीवर सापडला आहे राखाडी हातमोजा, डाव्या हाताचा, ज्याचा असेल त्याने न लाजता घेऊन जावा. तीन दिवस तू ते सांगत होतीस. तो तूच विणलेला होता, आपल्या शेवटच्या थंडीत, आणि कुणाचा आहे हे तुला पक्कं ठाऊक होतं. "न लाजता" हे तुझ्या कुठल्याच दुसऱ्या सूचनेत येत नाही, हे मला आईकडून कळलं. मी एका हाताला मोजा आणि दुसरा हात खिशात घालून परत आलो होतो.

मग काम सुरू झालं आणि असं काम मी आयुष्यात केलं नव्हतं. तू प्रत्येक वाक्य दोनदा म्हणतेस, दुसऱ्यांदा जरा सावकाश, वरच्या आळीतल्या म्हाताऱ्यांसाठी. म्हणून गाण्यातही प्रत्येक ओळ दोनदा, दुसऱ्यांदा सावकाश. ठेक्याचं यंत्र सावकाश व्हायला तयार नव्हतं, तर एमिल त्याच्या बटणावर बोट ठेवून बसायचा आणि बरोब्बर तिथे वेग उतरवायचा. खालच्या खांबाचा आवाज आधी येतो आणि वरच्या आळीतल्या खांबाचा मागाहून, आठवतंय? शाळेतून येताना तू दोन्ही खांबांच्या मधोमध उभी राहायचीस आणि मला म्हणायचीस, इथे ये, इथे गाव दोनदा बोलतं. तो आवाज सिंथेसायझरमधून काढायला मला अकरा दिवस लागले. एकच सूर दोन आवाजांत लावला, एक किंचित उतरलेला, आणि टेपरेकॉर्डरवर फिरवून दुसऱ्याला एक श्वासभर मागे ठेवला. बाराव्या दिवशी वाजवलं तेव्हा वेन्डो म्हणाला, "बास. हात लावू नकोस आता." आणि त्याने आईने पाठवलेली अख्खी खसखशीची पोळी एकट्याने खाल्ली, आनंदाने.

एकवीस मेला, सकाळी आठ वाजता, समितीपुढे उभे राहिलो. ह्वोझ्दोवाबाईंनी चष्मा लावला. "फ्रीजवाले ना तुम्ही?" म्हणाल्या. मी तीन सूर वाजवले. आणि ओटी, तिथे जे झालं ते मी मरेपर्यंत सांगत राहणार आहे. टोकाला बसलेल्या बाई कागद चाळत होत्या, त्यांचा हात थांबला. एक टकले गृहस्थ शेजाऱ्याशी बोलत होते, ते वाक्य अर्धं टाकून गप्प झाले. चहा घेऊन आलेली बाई दारात कप वाजवत होती, तिला स्वतः ह्वोझ्दोवाबाईंनी ओठांवर बोट ठेवून गप्प केलं. पाचही जण मान जराशी तिरकी करून छताकडे पाहायला लागले, भोंगा तिथे असावा तसे. टाय लावून राजधानीत बसलेली ही सगळी माणसं कुठल्या ना कुठल्या गावातून आलेली, हे मला त्या क्षणी दिसलं. दारिना गायला लागली आणि तिने एकही उसासा टाकला नाही, सरळ सूचना दिली. गाणं संपलं. मग ह्वोझ्दोवाबाईंनी चष्मा काढला आणि विचारलं, "मग? तो मोजा शेवटी नेला का कुणी?" वेन्डो म्हणाला, "अजून नाही, बाई. लाजतोय तो." आणि अख्खी समिती हसली. शिक्का मारताना टकल्या गृहस्थांनी मला हळूच विचारलं की आमच्या गावात घंटी कोण वाजवतं. मी सांगितलं. पहिल्यांदा तुझं नाव मोठ्याने घेतलं, आणि कान गरम झाले.

पुढचं तुला गावातच दिसलं असेल. रेडिओकडे आत्तापर्यंत एकतीस ग्रामकचेऱ्यांनी टेप मागितली आहे, सूचनेआधी वाजवायला. पोप्रादजवळच्या एका गावात लोक कचेरीत सतरा डाव्या मोज्यांची रास घालून गेले. शाळेतली पोरं बसमध्ये प्रत्येक ओळ दोनदा म्हणतात, दुसऱ्यांदा सावकाश. काल बाबांचा फोन आला, आठ महिन्यांनी. म्हणाले, "वखारीत माणूस ठेवलाय मी. तू ये, पण पाहुणा म्हणून." मी फोन ठेवला आणि जिन्यात बसून रडलो, सांगायला मला लाज नाही वाटत. आम्ही जिंकलो, ओटी.

फक्त एक गोष्ट मी नासवली, आणि ती लपवून हे पत्र पुरं करता येणार नाही. त्या पहिल्या शनिवारी गाणं लावण्याआधी रेडिओवरच्या बाईंनी विचारलं, चाल कुठे सुचली? मी म्हणालो, बसमध्ये. सगळा देश ऐकत होता, तूही ऐकत असशील, आणि मी म्हणालो बसमध्ये. वेन्डो त्या दिवसापासून माझ्याशी कामापुरतंच बोलतो. खिडकी तू वाऱ्यासाठी लावली नाहीस, हे मला आईचं पत्र वाचतानाच कळलं होतं.

सोबत एक छापील अर्ज आहे. गाण्याची तबकडी निघणार आहे, आणि लेखक-संगीतकारांच्या नोंदणीच्या कचेरीत दहा जुलैच्या आत हा अर्ज पोचला पाहिजे. एकदा नाव लागलं की ते बदलत नाही. संगीत या रकान्यात मी तुझं नाव लिहिलं आहे, ओटिलिया क्रायचिओवा. शब्द या रकान्यातही तुझंच. माझं नाव खाली आहे, मांडणी म्हणून, आणि ते मी खरंच केलं आहे. समितीतल्या त्या टकल्या गृहस्थांनी साक्षीदार म्हणून सही दिली, रेडिओवरच्या बाई येत्या रविवारी माझी दुरुस्ती वाचून दाखवणार आहेत. आता फक्त तुझी सही हवी, यासाठीच हे पत्र लिहिलं. मला तुला न्यायला यायचं आहे, आजही, पण त्याचा आणि या सहीचा काही संबंध लावू नकोस. तिकीट लावलेलं दुसरं पाकीट आत ठेवलंय. त्यावर माझा पत्ता नाही, त्या कचेरीचा आहे. मला एक अक्षर न लिहिताही तुला ते टपालात टाकता येईल, आणि गाणं तुझं होईल.

तुझाच, बोलावलंस तर येणारा,
कामिल